शीवेच्या पलीकडलं कुर्ला

मुलुंड, भांडुप किंवा अगदी चेंबूरला राहणाऱ्या कोणाच्याही जागेचे कागद काढून बघा, त्यावर जिल्हा मुंबई उपनगर आणि तालुका कुर्ला असं लिहिलेलं असतं. उपनगर जिल्ह्याला तालुके तीनच, बोरिवली, अंधेरी आणि कुर्ला. आमच्या ऑफिसातल्या मुलुंडच्या मैत्रिणीला होम लोनचे कागद गोळा करताना हे पहिल्यांदा कळलं, तर ती मला म्हणाली, "अगं पण आमचा आणि कुर्ल्याचा काय संबंध?" तिच्या डोक्यात कुर्ला म्हणजे हार्बरची गाडी बदलायचं स्टेशन, तो पूल, ती गर्दी, आणि सुट्टीत गावी जायला टर्मिनस, बस. एवढंच.

मी कुर्ल्याची, नेहरूनगरात वाढले. "कुर्ल्याला राहतेस होय?" हे लोक कुठल्या सुरात म्हणतात ते मला शाळेपासून माहितीये. त्यामुळे त्या दिवशी डबा खाताना मी तिला बराच वेळ सांगत बसले आणि तेव्हाच ठरवलं की हे एकदा नीट लिहून काढायचं, कारण कुर्ला हे मुंबईचं उरलंसुरलं टोक नव्हतंच कधी, ते स्वतःचं एक गाव होतं, नदीकाठचं, आणि पुढे त्या गावाची स्वतःची नगरपालिका होती. मुंबई आमच्यात आली की आम्ही मुंबईत गेलो ते पुढे बघू.

आधी शीव. सायन स्टेशनवर मराठीत शीव लिहिलेलं असतं. शीव म्हणजे गावाची हद्द, आपण गावाकडे म्हणतो ना शिवेवरचा देव, तीच शीव. मुंबई बेट तिथे संपायचं. पुढे खाडी, चिखल, आणि त्याच्या पलीकडे साष्टी. साष्टी म्हणजे सहासष्ट गावांचं बेट, षट्षष्टीवरून आलेलं नाव, त्याचंच पोर्तुगीजांनी आणि मग इंग्रजांनी सालसेट केलं. तर शीव ओलांडली की साष्टीत पाय पडायचा आणि तिथलं तोंडाशीच असलेलं गाव कुर्ला. म्हणजे आज आपण सायनवरून निघालो की पाच मिनिटांत कुर्ला येतं आणि मधे काही बदललं असं वाटतही नाही, पण एकेकाळी या पाच मिनिटांत देश बदलायचा, आणि हे शब्दशः खरं आहे, कारण मुंबई बेट इंग्रजांचं होतं तेव्हा साष्टी आधी पोर्तुगीजांची आणि मग मराठ्यांची होती. वसई आणि आसपासचा मुलूख पोर्तुगीजांकडे गेला १५३४ मध्ये, मराठ्यांनी साष्टी घेतली १७३७ ला, चिमाजी अप्पांच्या वसईच्या मोहिमेत, इंग्रजांनी ती बळकावली १७७४ मध्ये आणि १७८२ च्या सालबाईच्या तहात त्यावर शिक्कामोर्तब झालं. मुंबई इंग्रजांकडे आल्यावरच्या त्या वर्षांत मुंबईचे लोक शीवच्या किल्ल्यावरून जिकडे नजर ठेवून बसायचे ती आमची बाजू.

आणि आमच्या बाजूला काय होतं? मिठी होती.

आता मिठी म्हटलं की लोक नाकाला रुमाल लावतात, कुर्ला वेस्टवरून बीकेसीतल्या ऑफिसांत शेअर रिक्षाने जाणारी हजारो माणसं रोज सकाळी ती ओलांडतात आणि बहुतेकांना आपण नदी ओलांडली हे माहीतच नसतं, सगळे नालाच म्हणतात. पण ती नदी आहे. विहार आणि पवई तलावांचं सांडपाणी, म्हणजे ओव्हरफ्लो होणारं पाणी, एकत्र होऊन निघतं आणि साकीनाका, जरीमरी, कुर्ला, कलिना, धारावी करत साधारण १८ किलोमीटर वाहून माहीमच्या खाडीत उतरतं. जुन्या कागदांत तिला माहीमची नदीही म्हटलंय. कुर्ल्याच्या इथे ती डोंगरातली नदी राहत नाही, भरतीचं पाणी माहीमवरून आत चढतं आणि ओहोटीला उतरतं. भरतीच्या वेळी त्या पुलावर थांबून बघा एकदा, पाणी उलटं वर येताना दिसतं, प्लास्टिकच्या पिशव्या समुद्राकडे न जाता पवईच्या दिशेने निघालेल्या असतात, आणि काठाला अजून तग धरून राहिलेल्या तिवराची मुळं काळ्या चिखलातून वर आलेली असतात.

गोडं पाणी आणि खारं पाणी जिथे मिसळतं, चिखल असतो, तिवरं असतात, तिथे खेकडे असणारच. आणि कुर्ल्याचं नाव आलंय ते त्यावरून. कुर्ली म्हणजे खेकडा. गावाभोवतीच्या दलदलीत त्या इतक्या सापडायच्या की गावालाच ते नाव पडलं, असं सांगतात. इंग्रजांच्या जुन्या कागदांत कूर्ला असा लांब ऊ वाला उच्चार धरून लिहिलेलं सापडतं.

यावर आमच्याकडे एक वाद नेहमी होतो. माझी आई मालवणची, ती कुर्लीच म्हणते, कुर्ल्यांचं तिखलं तिच्या हातचं खाल्लेला माणूस दुसरीकडे खेकडे खात नाही. पण बाजारातल्या कोळणी चिंबोरीच म्हणणार. मागच्या पावसाळ्यात मी आईला घेऊन मार्केटला गेले होते तर आईने सरळ विचारलं, "मावशी, कुर्ल्यो कशे दिल्यात?" मावशी म्हणाली, "चिंबोऱ्या हायेत बाय, घे, भरलेल्या हायेत." मग एक उचलून उलटी केली, पोटावरचं झाकण दाखवलं, रुंद होतं म्हणजे मादी, आणि अंगठ्याने कडेला दाबून आईच्या हातात दिली. आईने पण दाबून बघितली. दाबलं की आत जात असेल तर पोकळ, कडक लागली तर भरलेली. अमावस्येच्या सुमाराला घ्यायच्या, पुनवेच्या पोकळ निघतात हे दोघींनाही पाठ, एकीला मालवणात शिकलेलं, दुसरीला माहीमला. नांग्या दोऱ्याने बांधून घेतल्या, पैसे दिले. नाव मात्र दोघींनी शेवटपर्यंत आपापलंच वापरलं.

तर प्रश्न असा की मुंबईचे मूळचे कोळी चिंबोरी म्हणत असताना गावाला कुर्लीवरून नाव कसं पडेल? मला स्वतःला खेकड्याची गोष्ट पटते. एक तर जागा बघा, मी वर लिहिलं ती. दुसरं म्हणजे मुंबईतली जुनी नावं अशीच आहेत, समोर जे दिसलं त्याचीच. चिंचपोकळीत चिंच, उमरखाडीत उंबर, वडाळ्यात वड, आणि आमच्याच चुनाभट्टीत चुन्याच्या भट्ट्या. कोणा राजाने येऊन बारसं केलंय अशी नावं इथे फार कमी. आणि तिसरं म्हणजे किनाऱ्यावरची बोली काही एका रेषेवर तुटत नाही, मालवणपासून वसईपर्यंत माणसं होडीने येत जात होती, शब्द पण येत जात असणार. कुर्ल्याचं मूळ गाव हे ईस्ट इंडियन लोकांचं, म्हणजे इथल्याच मराठी बोलणाऱ्या शेतकरी-मासेमारांपैकी जे पोर्तुगीजांच्या काळात ख्रिश्चन झाले त्यांचं. त्यांची मराठी तुम्ही ऐकली असेल तर कळेल, ती कोळ्यांसारखी पण वाटते आणि वेगळी पण वाटते.

त्यांच्या नावाची पण गंमत आहे, गंमत म्हणजे मला फार आवडते ती गोष्ट. हे लोक स्वतःला ईस्ट इंडियन म्हणायला लागले १८८७ मध्ये. व्हिक्टोरिया राणीच्या राज्याला पन्नास वर्षं झाली तेव्हा. तोपर्यंत त्यांना पोर्तुगीज ख्रिश्चन वगैरे म्हणायचे, आणि गोवा-मंगळूरहून कामासाठी आलेले ख्रिश्चन लोक पण त्याच खात्यात धरले जायचे, मग आम्ही इथले मूळचे आहोत, ईस्ट इंडिया कंपनीच्या पहिल्या दिवसांपासून तिच्या कामात आहोत, हे वेगळं दिसावं म्हणून त्यांनी हे नाव घेतलं. म्हणजे इथल्याच मातीतल्या, घरात मराठी बोलणाऱ्या लोकांनी आपण इथलेच आहोत हे सांगायला इंग्रजी नाव घेतलं. कुर्ला वेस्टला त्यांचं गाव अजून आहे, ख्रिश्चन गाव म्हणतात, होली क्रॉस चर्च आहे, पोर्तुगीज काळातलं आणि १८४८ मध्ये परत बांधलेलं. त्या गल्लीत शिरलात की दोन्ही बाजूला बैठी कौलारू घरं, ओटे आणि मधेच एखादा क्रूस लागतो, आणि मागे वळलं की एलबीएस, म्हणजे लालबहादूर शास्त्री रोडचा आवाज. माझी शाळेतली मैत्रीण तिथली. तिची आजी दादरला जायचं असलं तरी म्हणायची "मुंबईस जाऊन येते". चुनाभट्टीचे जुने लोकही तसंच म्हणतात. त्यांच्या तोंडात शीव अजून शाबूत आहे.

ही शीव मोडली ती रस्त्याने. आधी होडी आणि ओहोटी एवढाच मार्ग होता. गव्हर्नर जोनाथन डंकनच्या काळात १७९८ ला शीव आणि कुर्ल्याच्या मधल्या खाडीवर बांध घालायला घेतला आणि १८०५ ला तो पूर्ण झाला, ५० हजार रुपयांवर खर्च आला. सायन कॉजवे. पहिल्यांदा मुंबई बेटातून पाय न भिजवता साष्टीत जाता यायला लागलं. तिथल्या एका रस्त्याला अजून डंकन कॉजवे असं नाव आहे पण तो डंकन कोण आणि कसला कॉजवे हे कोणी विचारत नाही, खाली पाणी दिसत नाही ना आता. माहीमचा कॉजवे लोकांना माहीत असतो, त्यासाठी पैसे देणाऱ्या जमशेटजी जीजीभाईंच्या पत्नीची गोष्ट सगळ्यांनी ऐकलेली असते, पण तो १८४५ चा. आमचा त्याच्या चाळीस वर्षं आधीचा.

कॉजवेमुळे काय झालं तर साष्टीचा भात, भाजी, गवत, दगड, सगळं कुर्ल्यावरून मुंबईत जायला लागलं आणि कुर्ला नाक्याचं गाव झालं. आज एलबीएस म्हणतो तो रस्ता म्हणजे जुना आग्रा रोड, अजून म्हातारी माणसं आग्रा रोडच म्हणतात.

कॉजवे होऊन तीन वर्षं झाली नाहीत तोच, १८०८ मध्ये, एक व्यवहार झाला जो वाचून मी दोन मिनिटं गप्प बसले होते. वाडिया हे जहाजं बांधणारं पारशी घराणं, त्यातले होरमसजी बमनजी वाडिया. त्यांची मुंबईत अपोलो गेटजवळ, म्हणजे किल्ल्याच्या भागात, थोडीशी जमीन होती जी सरकारला हवी होती. तर त्या तुकड्याच्या बदल्यात सरकारने त्यांना कुर्ला इस्टेट दिली, त्यात सहा गावं: मोहिली, कोळे-कल्याण, मरोळ, सहार, असल्फे आणि परजापूर. वर्षाला साधारण साडेतीन हजार रुपये खंड, आणि पुढे १८४० च्या दशकात त्यांच्या मुलाने, अर्देशर होरमसजींनी, सगळी इस्टेट कायमची विकत घेतली.

ही नावं परत एकदा वाचा सावकाश. सहार म्हणजे आजचा इंटरनॅशनल एअरपोर्ट. कोळे-कल्याण म्हणजे कलिना, युनिव्हर्सिटीचा सगळा कॅम्पस. मरोळ आणि असल्फा तर मेट्रोच्या स्टेशनांची नावं झालीयेत. परजापूर आरेच्या बाजूला. आज ज्या जमिनीचा चौरस फुटाने भाव करतात ती एका गेटजवळच्या तुकड्यावर अदलाबदलीत गेली, भात पिकवणाऱ्या माणसांसकट. त्या गावांतल्या लोकांना कोणी विचारलं असेल असं वाटत नाही. काल खंड सरकारात भरायचा, आज वाडियाशेठकडे भरायचा, एवढाच त्यांच्यासाठी फरक. पण बघा, इस्टेटीला नाव कुर्ल्याचं. सहा गावं मिठीच्या दोन्ही अंगांना वरपासून खालपर्यंत पसरलेली आणि त्यांची ओळख कुर्ला. मुलुंडच्या मैत्रिणीच्या कागदावर जो तालुका लिहिलाय ना, त्या नावाचं वजन एवढं जुनं आहे.

मग रेल्वे. १६ एप्रिल १८५३ ला बोरीबंदर ते ठाणे पहिली गाडी गेली ती आमच्याच दारातून. रेल्वे आल्यावर गिरण्या आल्या, कारण जमीन स्वस्त, पाणी जवळ, आणि मुंबई म्युनिसिपालिटीच्या हद्दीबाहेर. १८८२ च्या ठाणे जिल्ह्याच्या गॅझेटियरमध्ये कुर्ल्याच्या धरमसी पुंजाभाई गिरणीचं वर्णन आहे, मुंबई इलाख्यातली सूत कातायची आणि कापड विणायची सगळ्यात मोठी गिरणी, ९२ हजारांवर चात्या आणि १२८० माग. इलाख्यातली सगळ्यात मोठी, गिरणगावातली नाही, कुर्ल्यातली! लालबाग-परळच्या लोकांना हे सांगितलं की ते मानत नाहीत. ती गिरणी पुढे तोट्यात गेली आणि १८८६ मध्ये जमशेटजी टाटांनी घेतली. नागपूरची एम्प्रेस मिल त्यांनी आधीच उभी केली होती, तिचं नाव राणीवरून, आणि कुर्ल्याच्या गिरणीला त्यांनी नाव दिलं स्वदेशी. बंगालच्या फाळणीनंतरची स्वदेशीची चळवळ १९०५ ची, त्याच्या जवळजवळ वीस वर्षं आधी चुनाभट्टीच्या धुराड्याखाली हे नाव लागलेलं होतं. गिरणी बंद झाली, स्वदेशी मिल रोड राहिला, रिक्षावाले अजून तेच नाव सांगतात.

हजारो कामगार, चाळी, पाणी, संडास, गटारं, देवी, पटकी. एवढं झाल्यावर गावचावडीने भागत नाही. म्हणून नगरपालिका. कुर्ला तेव्हा ठाणे जिल्ह्यात, आणि मुंबईच्या उंबऱ्यावर वांद्रे आणि कुर्ला या दोन वेगळ्या नगरपालिका. दिवाबत्ती करणं, रस्ते झाडणं, बाजार बघणं, देवीच्या लशी टोचणं, त्यासाठी घरपट्टी घेणं, अशी कामं तेव्हाच्या नगरपालिकांची असायची. मला या गोष्टीचं मोठं अप्रूप वाटतं. म्हणजे आमच्या गल्लीतला कंदील लावायचा की नाही हे फोर्टात बसून ठरत नव्हतं, ते इथेच ठरत होतं, ज्यांना संध्याकाळी त्याच गल्लीतून घरी जायचंय अशा माणसांकडून. नाव कुठल्या तरी खेकड्यावरून पडलेलं आणि आता ते म्युनिसिपालिटीच्या शिक्क्यावर. १९२० मध्ये ठाण्यातून उपनगर जिल्हा वेगळा काढला तेव्हा कुर्ला त्यात आलं. आणि ३ फेब्रुवारी १९२५ ला देशातली पहिली विजेवरची गाडी धावली, व्हीटी ते कुर्ला. पहिल्या गाडीचं शेवटचं स्टेशन आम्ही. १९२८ मध्ये तर ट्रॉम्बेहून कुर्ल्यावरून अंधेरीला जाणारी रेल्वे पण होती, खरंच होती, १९३४ ला बंद पडली आणि तिच्या वाटेतली बरीचशी जागा पुढे विमानतळात गेली. आज कुर्ल्याहून अंधेरीला जायला रिक्षात जो वेळ जातो तो बघता मला ती गाडी फार आठवते, न बघितलेली असून.

१५ एप्रिल १९५० ला मुंबईची हद्द वाढली आणि वांद्रे, कुर्ला, अंधेरीकडची उपनगरं मुंबई महानगरपालिकेत आली. कुर्ला नगरपालिका संपली. कारभाराच्या दृष्टीने ते बरोबर असेलही, पाणी, ड्रेनेज, रस्ते, बस, एवढं सगळं छोट्या नगरपालिकेला झेपणारं नव्हतं, हे मला मान्य आहे. पण नावाचं काय झालं ते बघा, कुर्ला नगरपालिकेचा झाला एल वॉर्ड. एक अक्षर. एल म्हणजे लालबाग नाही, लोकमान्य नाही, काही नाही, ए पासून मोजत आलं की आपला नंबर येतो तो एल. लोक "एल वॉर्डात जायचंय" म्हणतात, घराचं काम असलं की. ज्या गावाच्या नावाने सहा गावांची इस्टेट ओळखली जायची त्याला पालिकेच्या कागदावर अक्षर मिळालं आणि महसूल खात्याने मात्र तालुका कुर्ला, मौजे कुर्ला असं नाव जपून ठेवलं. तलाठ्याच्या दप्तरात गाव जिवंत आहे.

एक ठिकाण मात्र असं आहे जिथे दोन्ही जुन्या नगरपालिकांची नावं आजही शेजारी शेजारी लागतात, वांद्रे-कुर्ला संकुल. मी तिथेच नोकरी करते. सगळे बीकेसी म्हणतात आणि त्यातला के म्हणजे कुर्ला हे विसरतात. जागेचे दर सांगताना वांद्र्याचं नाव घेतात, ट्रॅफिकबद्दल बोलताना कुर्ल्याचं. ती सगळी जमीन म्हणजे मिठीची भरती पसरायची जागा, दलदल, तिवरं, कोळे-कल्याणची खाजणं. कुर्ल्या जिथे बिळं करायच्या तिथे आता काचेच्या इमारती.

आणि नदीचं दुसरं टोक? १८५६ ते १८६० मध्ये तिच्या उगमाकडे विहारचा बांध घातला, मुंबई शहराला नळाचं पाणी मिळावं म्हणून. मुंबईची तहान भागली, चांगलंच झालं, विहिरी आटल्यावर शहराचे फार हाल होते तेव्हा. पण खाली कुर्ल्याला वाहून यायला राहिला तो पावसाळ्यातला ओव्हरफ्लो. वर बांध, मधे विमानतळाच्या खालून वळवलेलं पात्र, खाली भराव, आणि दोन्ही काठांना गोदामं, भंगाराचे धंदे, झोपड्या. नदीला जागाच ठेवली नाही. राहायला दुसरीकडे जागा न मिळालेली माणसं तिथे राहतात, त्यांना दोष देऊन काही होत नाही.

२६ जुलै २००५ ला सांताक्रूझला चोवीस तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस पडला आणि नेमकी दुपारची भरती. मिठी आपल्या जुन्या सगळ्या जागा परत घेत आली. क्रांतीनगर, जरीमरी, टॅक्सीमेन कॉलनी, कपाडियानगर, आग्रा रोड, सगळं पाण्याखाली, तळमजले बुडाले, माणसं गेली, म्हशी गोठ्यात बांधलेल्या तशाच गेल्या. मी तेव्हा कॉलेजात होते, सायनपासून रुळांवरून चालत घरी आले, पुढच्याच्या खांद्यावर हात ठेवून सगळी रांग चालली होती आणि मधे एका ठिकाणी कमरेएवढ्या पाण्यात एक काका ओरडून सांगत होते, "इकडून नका, खाली खाडी आहे!" आम्हाला तिथे खाडी आहे हेच माहीत नव्हतं. तो कॉजवेचा भाग. दोनशे वर्षांपूर्वी बुजवलेली शीव त्या रात्री पुन्हा पाण्याने भरली होती. त्यानंतर चौकशी समिती झाली, मिठी नदी विकास आणि संरक्षण प्राधिकरण झालं, खोली आणि रुंदी वाढवायची कामं निघाली, भिंती बांधल्या. भिंतीमुळे आता बऱ्याच ठिकाणी नदी दिसतच नाही.

माझं मागणं फार मोठं नाही. मिठीवरच्या प्रत्येक पुलावर दोन्ही बाजूंना ठळक मराठीत "मिठी नदी" असा बोर्ड लागावा, गावाकडे एसटीतून जाताना प्रत्येक पुलावर असतो तसा. ख्रिश्चन गावाच्या तोंडाशी गावाचं नाव असावं. आणि सायन कॉजवेच्या जागी १७९८ ते १८०५ एवढं तरी कोरलेलं असावं, तिथून रोज लाखभर माणसं जातात.

दुसरं म्हणजे कागद. कुर्ला, चुनाभट्टी, जरीमरी, ख्रिश्चन गाव, ब्राह्मणवाडी, बैलबाजार, जुन्या घरांत लोखंडी पेट्या असतात. आजोबांची घरपट्टीची पावती, पणजीच्या नावाचा जन्माचा दाखला, गाळ्याचं लायसन, ज्यावर कुर्ला म्युनिसिपालिटी असं छापलेलं आहे. रिडेव्हलपमेंटला घर रिकामं करताना हे सगळं पहिल्यांदा रद्दीत जातं, मी आमच्याच बिल्डिंगमध्ये पोतीच्या पोती जाताना बघितलीयेत. तुमच्याकडे असं काही असेल तर फेकू नका. मोबाईलवर दोन्ही बाजूंचा स्वच्छ फोटो काढा, तारीख आणि शिक्का दिसेल असा, मागे पेन्सिलने काही लिहिलं असेल तर त्याचा पण, आणि मूळ कागद प्लास्टिकच्या फोल्डरमध्ये घालून पुस्तकांच्या मधे सपाट ठेवा, लॅमिनेशन करू नका, त्याने जुना कागद खराब होतो. घरात कोणी ऐंशीच्या पुढचं माणूस असेल तर त्यांना तो कागद दाखवा आणि बाजूला बसून ते काय सांगतात ते रेकॉर्ड करा, गल्लीचं आधीचं नाव काय होतं, नदीवर कुठून उतरायचे, कुर्ल्या कोण पकडायचं आणि कंदील लावायला कोण यायचं.